रेसच रद्द झाली, आता प्रेझेंटरने काय करायचं? पुण्यातलं एक प्रकरण

हे प्रकरण माझ्या मावसबहिणीचं. तिला विचारूनच लिहितोय. तिच्या अटी दोनच, तिचं आणि चॅनेलचं नाव कुठे यायचं नाही आणि फीचे आकडे यायचे नाहीत, बाकी काय लिहायचं ते लिही म्हणाली. माझा कर्वे रोडला छोटासा रेकॉर्डिंग स्टुडिओ आहे, जाहिराती, ऑडिओबुक, डबिंग असली कामं चालतात, त्यामुळे तिची बरीचशी धडपड मी काचेच्या अलीकडून, हेडफोन कानाला लावून बघितलेली आहे, आणि आवाजाच्या धंद्यातला माणूस म्हणून माझी काही मतंही आहेत, ती मध्ये मध्ये येतील.

आधी थोडक्यात परिस्थिती सांगतो. पुण्यातली एक मुलगी, शिक्षणाने मेकॅनिकल इंजिनियर, इलेक्ट्रिक रेसिंग म्हणजे फॉर्म्युला ई वर मराठीत बोलणारी प्रेझेंटर झाली. तिच्या कामाला जोर आला तो ११ फेब्रुवारी २०२३ च्या हैदराबादच्या रेसमुळे. २०२४ ची रेस पण तिथेच ठरलेली, १० फेब्रुवारीला. त्या भरवशावर तिने चाकणची नोकरी सोडली आणि जानेवारीच्या पहिल्याच आठवड्यात रेस रद्द झाल्याचं जाहीर झालं. पुढे काय केलं, का केलं, त्यातलं काय बरोबर वाटतं आणि काय नाही, एवढाच विषय.

ती चिंचवडची, वडील एमआयडीसीतल्या कंपनीत टूलरूमला होते, आता रिटायर. कॉलेजमध्ये बाहाच्या टीममध्ये होती, म्हणजे पोरं स्वतः बग्गी बनवतात आणि ती चिखलातून पळवतात ती स्पर्धा, आणि त्याच वर्षी पुरुषोत्तमच्या एकांकिकेत पण होती. हे मी मुद्दाम सांगतोय कारण पुण्यात बाहा करणारी पोरं ढिगाने आहेत आणि भरत नाट्य मंदिरात घसा ताणणारी पण ढिगाने आहेत, पण दोन्हीकडे एकाच वेळी हजेरी लावणारा प्राणी दुर्मिळ. ग्रीस लागलेल्या हातांनी तालमीला येते म्हणून दिग्दर्शक वैतागायचा म्हणे. पुढे चाकणला एका व्हेंडर कंपनीत क्वालिटीला लागली आणि शनिवार-रविवारी मोटोक्रॉस, सुपरक्रॉसच्या इव्हेंटला माईकवर उभी राहायला लागली. पुण्यात डर्ट रेसिंगचं वेड जुनं आहे त्यामुळे ही कामं मिळायची, पैसे जेमतेम, पण हजारो लोकांसमोर न घाबरता बोलायची सवय तिथे लागली. मग एका मित्राच्या मराठी गाड्यांच्या चॅनेलवर रिव्ह्यू, मग त्यातूनच एका न्यूज चॅनेलच्या लोकांशी ओळख.

२०२२ मध्ये हैदराबादचं नक्की झालं तेव्हा त्या चॅनेलला असं कोणीतरी हवं होतं जे कॅमेऱ्यासमोर बोलेल पण आणि गाडीत काय चाललंय ते समजेल पण. क्रिकेटवाल्या अँकरला पाठवून बघू असा विचार आधी झाला होता, पण त्याला विचारलं तर म्हणाला मला फॉर्म्युला वन आणि फॉर्म्युला ई मधला फरक सांग. तिने फोनवर तो दोन मिनिटात समजावला, आणि काम तिलाच मिळालं.

आता इथे थोडं थांबतो, कारण खरी गंमत इथे आहे आणि बाहेरून ती कळत नाही.

पेट्रोलच्या रेसमध्ये प्रेझेंटरचं अर्धं काम इंजिन करतं. गिअर पडला, थ्रॉटल सोडला, इंजिन गचके खातंय, हे सगळं कानाला आपोआप कळतं, प्रेक्षक तज्ज्ञ नसला तरी अंगावर काटा येतो. फॉर्म्युला ईची गाडी साधारण ८० डेसिबल आवाज करते, लक्ष्मी रोडवर दिवाळीच्या आधी उभे राहिलात तर त्यापेक्षा जास्त ऐकू येईल. पहिली रेस बीजिंगला १३ सप्टेंबर २०१४ ला झाली, शेवटच्या वळणावर निक हाइडफेल्ड आणि निकोला प्रोस्ट एकमेकांना भिडले आणि लुकास दि ग्रासी जिंकला, तेव्हापासून हा आवाजाचा प्रश्न या खेळाच्या मागे लागलेला आहे. लोक म्हणतात मजा नाही. माझं मत विचाराल तर मजा आहे, पण ती कानाने कळत नाही, कोणीतरी सांगावी लागते.

काय सांगायचं तर एनर्जी. सगळ्यांना सारखीच वापरायला मिळते. तिसऱ्या पिढीच्या गाडीला, म्हणजे २०२३ पासून, रेससाठी ३८.५ किलोवॅट-अवर, आपल्या वीजबिलावरची साडेअडतीस युनिटं धरा. रांजणगावला बनणाऱ्या नेक्सॉन ईव्हीच्या मोठ्या बॅटरीत ४५ असतात. म्हणजे शेजारच्या काकांच्या गाडीत जेवढी वीज असते त्यापेक्षा कमीत हे लोक रस्त्यावरच्या सर्किटवर पाऊण तासाची रेस काढतात, तीही ३५० किलोवॅट ताकदीच्या मोटरवर. ब्रेक मारताना ६०० किलोवॅटपर्यंत परत बॅटरीत घेता येते आणि रेसमध्ये वापरलेल्या एनर्जीपैकी ४० टक्क्यांहून जास्त ही अशी ब्रेकिंगमधूनच आलेली असते असं ते सांगतात. त्यामुळे पुढे कोण आहे यापेक्षा कोणाकडे किती टक्के उरलेत हे जास्त महत्त्वाचं. पाचव्या नंबरचा माणूस तीन टक्के जास्त ठेवून असेल तर खरा धोका तो आहे. हे स्क्रीनवर एका आकड्यात दिसतं आणि प्रेझेंटरने ते बोलून दाखवलं नाही तर प्रेक्षकाला वाटतं गाड्या उगाच एकामागे एक चालल्यात.

हे तिला आधी नुसतं माहीत होतं, पटलं ते व्हॅलेन्सियाची रेस बघून. २४ एप्रिल २०२१, पाऊस, सेफ्टी कार (अपघात झाला की सगळ्यांचा वेग आवरायला ट्रॅकवर येते ती गाडी) पुन्हा पुन्हा आत, आणि त्यावेळच्या नियमाने सेफ्टी कार आली की सगळ्यांच्या वापरायच्या एनर्जीतून थोडी थोडी कापायचे. शेवटी दा कोस्टा पुढे असताना वेळ संपायच्या काही सेकंद आधी त्याने रेषा ओलांडली, म्हणजे अजून एक अख्खी लॅप करायची, आणि तेवढी कोणाकडे उरलीच नव्हती. बहुतेक गाड्या रांगत रांगत आल्या आणि निक डी व्हरीस जिंकला. ही रेस तिने माझ्या स्टुडिओत आवाज बंद करून लावली, आणि स्वतः मराठीत बोलायला लागली, परत लावली, परत बोलली. रात्री अकरानंतर बुकिंग नसायचं तेव्हा हेच चालायचं. पहिल्या काही रेकॉर्डिंगमध्ये ती पुरुषोत्तमच्या शेवटच्या प्रवेशासारखी ओरडत होती, मी म्हणालो अगं बाई गाडी शांत आहे, तू कशाला आरडाओरडा करतेस. मग हळूहळू खाली आली. वाक्यं लहान झाली. ओव्हरटेकच्या आधी बोलायचं, नंतर नाही, हे तिचं तिनेच शोधलं, कारण नंतर बोललं तर ती फक्त बातमी होते.

तिने जगातल्या लोकांना पण बघून घेतलं. निकी शील्ड्स पहिल्या सीझनपासून पिटलेनमध्ये, म्हणजे ट्रॅकशेजारी टीमच्या गाड्या थांबतात तिथे, होती. जॅक निकोल्स बरीच वर्षं मुख्य कॉमेंट्रीला आणि सोबत डारिओ फ्रँकिटी, जो स्वतः चार वेळचा इंडीकार चॅम्पियन. व्हर्नन के मूळचा रेडिओ-टीव्हीच्या मनोरंजनातला माणूस, तोही प्रेझेंटर होता. आणि आपला करुण चंधोक, पहिल्या सीझनला महिंद्राची गाडी चालवली आणि मग टीव्हीवर नाव काढलं. म्हणजे या धंद्यात यायचे रस्ते तीन, ड्रायव्हर असणं, टीव्हीचा चेहरा असणं किंवा पहिल्यापासून तिथेच पाय रोवून उभं असणं. तिच्याकडे तिन्ही नव्हते. तिच्याकडे मराठी होतं आणि चाकणची क्वालिटीची नोकरी.

हैदराबादच्या वीकेंडचं सांगतो. सर्किट हुसेन सागरच्या काठाने, २.८ किलोमीटरच्या आसपास, १८ वळणं. चॅनेलकडे प्रक्षेपणाचे हक्क नव्हते, म्हणजे ट्रॅकवरची गाडी पळताना शूट करून दाखवायची नाही, क्लिप वापरायची नाही. बहुतेक लोकांना वाटतं प्रेस पास मिळाला म्हणजे सगळं उघडं, तसं काही नसतं, हक्क ज्याचे चित्र त्याचं. तिने मग काय केलं तर हॉटेलवरून एक पांढरा बोर्ड आणि मार्कर घेऊन आली आणि गर्दीत उभी राहून बोर्डावर टाकी काढली. तिचं वाक्य मला अजून पाठ आहे, "समजा पुण्यात गुरुवारी पाणी बंद आहे, बुधवारी रात्री सगळ्या बिल्डिंगच्या टाक्या सारख्याच भरल्या, आता शुक्रवारी सकाळी कोणाच्या नळाला पाणी येतंय ते बघायचं, आज हीच रेस आहे." मुंबईतल्या स्टुडिओमधल्या अँकरने लगेच विचारलं, "पण टॉप स्पीड किती?" तिने ३२० च्या वर जाऊ शकते असं सांगितलं आणि परत टाकीवर आली. हे मला फार आवडलं होतं. प्रश्न टाळला पण नाही आणि त्यात वाहून पण गेली नाही.

रेस पण नशिबाने तशीच झाली. मिच इव्हान्स पोलवर, म्हणजे सगळ्यात पुढून सुटणार होता, जॅग्वारचा. मग त्याच्याच टीमचा सॅम बर्ड हेअरपिनला, म्हणजे यू आकाराच्या वळणावर, त्याच्यावर येऊन आदळला आणि जॅग्वारचा दिवस तिथेच आटोपला. शेवटी ज्याँ-एरिक व्हेर्न पुढे आणि मागे निक कॅसिडी, कॅसिडीकडे एनर्जी जास्त, व्हेर्नकडे कमी, आणि व्हेर्नने शेवटपर्यंत दार बंद ठेवलं, अर्ध्या सेकंदाच्या आतलं अंतर. कार्यक्रमात तिने जे बोर्डावर काढून ठेवलं होतं तेच दुपारी रस्त्यावर घडलं. तिसरा ब्यूमी आला होता पण ठरलेल्यापेक्षा जास्त पॉवर वापरल्याबद्दल त्याला पेनल्टी लागली आणि तिसरा नंबर दा कोस्टाला गेला. ती लाइव्हला असताना हे अजून नक्की नव्हतं, आणि तिने "तात्पुरता निकाल" असं म्हणून ठेवलं होतं. बाकी दोन ठिकाणी ब्यूमी तिसरा म्हणून पट्टी चालून गेली. छोटी गोष्ट आहे पण त्या एका शब्दावर चॅनेलच्या संपादकाने तिला पुढची कामं दिली, हे तिला त्यानेच नंतर सांगितलं.

आपल्याकडच्या प्रेक्षकांना अर्थातच महिंद्रा जिंकली का एवढंच हवं होतं. ही टीम पहिल्या सीझनपासून आहे, पहिला विजय २०१७ ला बर्लिनला फेलिक्स रोझेनक्विस्टने मिळवून दिला होता, २०२३ ला गाडी चालवायला दि ग्रासी आणि ऑलिव्हर रोलंड. टीमचा तळ इंग्लंडमध्ये बॅनबरीला आहे हे ऐकून आमच्या सोसायटीतल्या एका काकांना फार वाईट वाटलं होतं, त्यांना वाटायचं गाडी चाकणला बनते.

तर २०२३ चं वर्ष बरं गेलं. एक सीझनचा करार झाला, रेसच्या आधीचा कार्यक्रम, हैदराबादला आठवडाभर मुक्काम, आणि सीझनच्या बाकी रेसचे छोटे भाग. करारात फीचा मोठा हिस्सा हैदराबादच्या आठवड्याला जोडलेला. दिवाळीच्या सुमारास तिने नोकरीचा राजीनामा दिला. मावशी बोलली, "चांगली कंपनी आहे, बस घरापासून नेते, पीएफ आहे, कशाला गं?" काका, म्हणजे तिचे वडील, काहीच बोलले नाहीत, त्यांनी फक्त करार वाचायला मागितला आणि वाचून झाल्यावर विचारलं, "रेस नाही झाली तर?" ती म्हणाली, "बाबा, शहराशी करार झालाय त्यांचा, होणारच."

डिसेंबर २०२३ ला तेलंगणात निवडणुकीचा निकाल लागला, सरकार बदललं. जानेवारीच्या पहिल्या आठवड्यात फॉर्म्युला ईने जाहीर केलं की तिथल्या नगरविकास खात्याने यजमान शहराचा करार पाळला नाही म्हणून रेस होणार नाही. पुढे त्या पैशांच्या व्यवहारावरून एसीबीची केसही झाली, तो कोर्टाचा विषय, त्यात आपण पडायला नको. आपल्यासाठी मुद्दा असा की भारतात हे नवीन नाही. बुद्ध सर्किटवर फॉर्म्युला वन २०११ ते २०१३ अशा तीनच रेस झाल्या आणि टॅक्सच्या भांडणात गेली. मोठी रेस आपल्याकडे येते ती कोणाच्या तरी सहीवर, आणि सही करणारा बदलला की ती टिकेलच याची खात्री नसते. काकांनी आयुष्यभर ऑर्डर कॅन्सल होताना बघितल्यात म्हणून त्यांना तो प्रश्न सुचला, चॅनेलच्या वकिलाला पण सुचला असणार, फक्त त्याने तो चॅनेलच्या बाजूने सोडवून ठेवला होता. इव्हेंट रद्द तर फी नाही. सरळ लिहिलेलं होतं.

त्या महिन्यात तिच्याकडे काय होतं ते बघा. नोकरी नाही. आधीच्या कामाचे पैसे नव्वद दिवसांनी येणार, तेही दहा टक्के टीडीएस कापून, कारण अँकर आणि कॉमेंटेटर हे २००८ पासून तेव्हाच्या आयकर कायद्याच्या १९४जे कलमात बसायचे. (ज्यांना या लाइनला यायचंय त्यांनी हे पाठ करून ठेवा, रिटर्न भरलं की त्यातले बरेचसे परत येतात पण तोपर्यंत घर चालवायचं असतं.) आणि एक चांगली गोष्ट, ज्या आठवड्यात हैदराबाद गेलं त्याच्या पुढच्या आठवड्यात मेक्सिको सिटीला सीझन सुरू झाला आणि मुंबईचा जेहान दारूवाला मासेरातीकडून पूर्ण सीझनसाठी उतरला. म्हणजे बातमी संपली नव्हती, फक्त ती बघायला जायची सोय संपली होती.

तिच्यासमोर तीन रस्ते होते. पहिला मुंबईचा, एका चॅनेलने स्पोर्ट्स डेस्कवर बोलावलं, महिन्याचा पगार, पण काम म्हणजे आयपीएल आणि आयपीएल नसेल तेव्हा आयपीएलच्या लिलावाची चर्चा. दुसरा बाहेरचा, फॉर्म्युला ईचं मुख्य इंग्लिश प्रक्षेपण लंडनमधून चालतं, तिथे शिरायचा प्रयत्न. तिने डेमो पाठवला, उत्तर सभ्य होतं आणि नाही असं होतं. तिसरा म्हणजे पुण्यातच राहायचं, पण मग करायचं काय हा प्रश्न.

२८ जानेवारीला बालेवाडीला सुपरक्रॉस लीगची पहिली फेरी होती, आम्ही दोघं बघायला गेलो. स्टेडियमभर इंजिनांचा आवाज, मातीचा धुरळा, पोरं उड्या मारतायत, आणि माईकवरचा माणूस काय बोलतोय कोणालाच ऐकू येत नव्हतं आणि कोणाचं काही अडतही नव्हतं. ती बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, "दादा, इथे माझी गरज नाहीये बघ." मला वाटलं निराश झाली. तसं नव्हतं. तिच्या डोक्यात हे चाललं होतं की जिथे आवाज आहे तिथे प्रेझेंटर शोभेला आहे, आणि जिथे आवाज नाही तिथे तो लागतोच, मग पुण्यात आवाज नसलेल्या गाड्या कुठे आहेत. तर सगळीकडे. आकुर्डीला इलेक्ट्रिक चेतक बनते, चाकण, रांजणगावला ईव्ही बनतात, वेताळ टेकडीवर एआरएआय गाड्या तपासते, आणि पुण्याच्या टॉर्क या इलेक्ट्रिक बाईक कंपनीच्या पोरांनी तर २००९ सालीच आयल ऑफ मॅनला इलेक्ट्रिक बाईक शर्यतीत उतरवली होती, तेव्हा फॉर्म्युला ई जन्माला पण आली नव्हती.

तिने तिसरा रस्ता घेतला. दोन कामं सुरू केली. एक, दर रेसनंतर माझ्या स्टुडिओत मराठी कार्यक्रम. रेसची एक सेकंदाची क्लिप वापरायची नाही, कारण हक्क नाहीत आणि कॉपीराइटची स्ट्राइक आली की अख्खं चॅनेल जातं. बोर्ड, मार्कर, सर्किटचा हाताने काढलेला नकाशा आणि आवाज. आणि दोन, ईव्हीच्या सप्लायर कंपन्यांसाठी शॉप फ्लोअरच्या लोकांना मराठीत समजावणारे ट्रेनिंग व्हिडिओ, त्यात हाय व्होल्टेजची केशरी केबल का केशरी असते, कुठे हात लावायचा नाही, रिजनरेशन, म्हणजे ब्रेक मारताना वीज परत बॅटरीत घेणं, ते काय असतं. दुसऱ्या कामाने घर चाललं, पहिल्याने नाव राहिलं. चाकणच्या नोकरीत मिळवलेलं ज्ञान सोडून ती टीव्हीवर गेली असं सगळ्यांना वाटलं होतं, प्रत्यक्षात तेच परत विकायला काढलं, फक्त यावेळी बोलून.

रेसच्या कार्यक्रमाला बघणारे कोण येतील याबद्दल आमचा दोघांचा अंदाज होता रेसिंगची वेडी पोरं. ती आली, पण त्यांच्याबरोबर सर्व्हिस सेंटरचे मेकॅनिक, डिप्लोमाची मुलं आणि सरळसाधे स्कूटरवाले आले. कमेंटमध्ये व्हेर्नबद्दल कोणी विचारत नाही, विचारतात सिंहगडावरून उतरताना माझी गाडी खरंच चार्ज होते का आणि कात्रज चढताना रेंज अशी धपकन का पडते. तिने मग तेच धरलं. आधी रेसमधला प्रसंग, मग तोच नियम सिंहगडाच्या उतारावर. होते चार्ज, पण चढताना घालवलेलं सगळं परत मिळत नाही, आणि वरती पूर्ण भरलेली बॅटरी असेल तर तिला घ्यायला जागाच नसते, हे तिने ज्या भागात सांगितलं तो सगळ्यात जास्त फिरला, व्हॉट्सॲपवर माझ्याकडेच परत तीन ग्रुपमधून आला.

आता जिथे माझं आणि तिचं पटत नाही ते. पुण्यात अँकरिंगचे खरे पैसे लाँच इव्हेंटमध्ये आहेत, एक संध्याकाळ, सूट, टेलिप्रॉम्प्टर, संपलं. तिने नियम केला की ज्या ग्रुपची टीम किंवा नाव रेसमध्ये आहे त्यांचा लाँच करायचा नाही, कारण शनिवारी ज्यांच्या टीमची चूक सांगायची त्यांच्याकडूनच शुक्रवारी पाकीट घ्यायचं हे बरं दिसत नाही. तत्त्व म्हणून छान आहे. पण पुण्यात याचा अर्थ काय होतो बघा, महिंद्रा गेली, आणि जॅग्वार टाटांची, टीमच्या नावातच टीसीएस, म्हणजे टाटाही गेलं. चाकण-पिंपरी पट्ट्यातले दोन सगळ्यात मोठे दरवाजे तिने स्वतः लावून घेतले. माझं म्हणणं असं की स्क्रीनवर सांगून टाक, यांचं काम मी केलंय म्हणून, लोक समजून घेतात, क्रिकेटमध्ये तर सगळेच सगळं करतात. तिचं म्हणणं, क्रिकेटमध्ये प्रेक्षकाला बॉल दिसतो, तो स्वतः ठरवू शकतो, इथे त्याला माझ्याच शब्दावर विश्वास ठेवायचाय, एनर्जी कोणाला डोळ्याने दिसते का? यावर माझ्याकडे चांगलं उत्तर नाही, पण तरी मला वाटतं ती दरवर्षी बऱ्यापैकी मोठी रक्कम सोडते आणि तिच्या वयात ती सोडायची नसते. मावशी या बाबतीत माझ्या बाजूने आहे, काका तिच्या.

दुसरं, ती कार्यक्रम फार लांबवते. पिट बूस्टचा नियम आला तेव्हा, फेब्रुवारी २०२५ ला जेद्दाला, गाडी पिटमध्ये ३० सेकंद उभी करून ६०० किलोवॅटने चार्ज करायची आणि १० टक्के एनर्जी जास्त घ्यायची, तिने त्यावर पाऊण तास घेतला. मी म्हटलं अर्ध्यात होतं. पण एआरएआयजवळच्या चहाच्या टपरीवर दोन मुलं त्याच भागावर वाद घालताना तिने स्वतः ऐकली, चार्जिंग करताना बॅटरी किती तापेल आणि आपल्याकडच्या मे महिन्यात हे चालेल का, त्यामुळे आता माझं कोणी ऐकत नाही. फॅनबूस्टसारखा पोरखेळ, म्हणजे लोकांनी मतं द्यायची आणि ड्रायव्हरला जास्तीची पॉवर मिळायची, तो २०२२ नंतर बंद झाला ते एक बरं झालं, नाहीतर त्यावर पण तासभर झाला असता.

करारांचं तिने पूर्ण बदललं. आता मसुदा आधी काकांकडे जातो. इव्हेंटला जोडलेली फी असेल तर तीन गोष्टी लिहून घेते. तयारीचे पैसे वेगळे आणि सही झाल्यावर लगेच, कारण अभ्यास रेसच्या आधी होतो, रेस झाली काय नाही झाली काय. रद्द झाली आणि तीस दिवसांपेक्षा कमी राहिले असतील तर अर्धी फी. आणि तिच्या बोर्डावरची चित्रं, समजावणीचा मजकूर तिच्या मालकीचा, चॅनेलने फक्त वापरायचा. यातल्या तिसऱ्या अटीला सगळ्यात जास्त विरोध होतो, दुसरीपेक्षाही, हे मला अनपेक्षित होतं, पण विचार केला तर बरोबर आहे, रेस कोणाच्या तरी सहीने जाऊ शकते, ती टाकी आणि तो सिंहगडाचा उतार कुठे जात नाही, आणि ते चॅनेललाही कळतं.

सध्याची स्थिती अशी की पुढच्या पिढीची गाडी, जेन फोर, २०२६-२७ च्या सीझनला येतेय, ६०० किलोवॅटपर्यंत ताकद आणि चारही चाकांना कायम ड्राइव्ह, आणि त्यानिमित्ताने एका प्लॅटफॉर्मने तिला हिंदी आणि मराठी दोन्हीत कार्यक्रम करशील का म्हणून विचारलंय. ऑडिशन झाली, पसंत पडली, हिंदीत "मगर" जरा कमी वापर एवढीच सूचना आली. पहिली अट त्यांनी मान्य केली, दुसरी थोडी घासाघीस करून मान्य केली, तिसरीवर त्यांचे कायदेवाले अडून बसलेत. तिने सही केलेली नाही. चाकणच्या एका कंपनीचे केबल हार्नेसवरचे पुढचे व्हिडिओ मात्र सोमवारपासून माझ्याकडे रेकॉर्ड होतायत, त्याचा ॲडव्हान्स आलेला आहे.